देव एनटीआरकडे, माणूस एएनआरकडे : अक्किनेनी नागेश्वरराव

गोदाकाठ

आपल्याकडे तेलुगू सिनेमाची चर्चा राजामौलींपासून सुरू होते आणि फार तर चिरंजीवीपर्यंत मागं जाते. त्याआधीचे म्हणून एक एन. टी. रामाराव लोकांना ठाऊक असतात, तेही मुख्यमंत्री झाले म्हणून. त्यांच्या बरोबरीनं तो सगळा डोलारा पेलणारे अक्किनेनी नागेश्वरराव, म्हणजेच एएनआर, मराठी माणसाला 'नागार्जुनचे वडील' एवढ्याच ओळखीनं भेटतात. ही ओळख फार अपुरी आहे, म्हणून हा धागा काढतोय.

आधी थोडी हकिकत. जन्म २० सप्टेंबर १९२३, कृष्णा जिल्ह्यातल्या गुडिवाड्याजवळचं रामापुरम. घर शेतकऱ्याचं आणि बेताचं. शाळा लवकर सुटली, नाटक धरलं. बायका रंगमंचावर येत नसत तो काळ, त्यामुळे या नाजूक चणीच्या पोराच्या वाट्याला स्त्रीभूमिका आल्या. १९४१ मध्ये 'धर्मपत्नी' नावाच्या सिनेमात छोटंसं काम मिळालं. पुढे विजयवाड्याच्या रेल्वे स्टेशनावर घंटसाला बलरामय्या या निर्मात्या-दिग्दर्शकाची नजर त्यांच्यावर पडली आणि १९४४ च्या 'श्री सीताराम जननम्' मध्ये हा मुलगा थेट राम झाला. तिथून २०१४ पर्यंत अडीचशेहून जास्त सिनेमे.

सत्तर वर्षांहून जास्त काळ पडद्यावर टिकणं नुसत्या नशिबाचं काम नाही. माझं म्हणणं असं की एएनआर टिकले ते त्यांनी वेळेवर एक गोष्ट ओळखली म्हणून. एनटीआर यांची उंची, खांदे, आवाज, ते किरीट घालून नुसते उभे राहिले तरी थिएटरात नारळ फुटायचे. त्या मैदानात त्यांच्याशी झुंजण्यात अर्थ नव्हता. एएनआरनी देव बहुतेक त्यांच्यासाठी सोडला आणि देवापुढे उभा असलेला माणूस उचलला: भक्त, कवी, दारुडा प्रियकर, चुकलेला नवरा, हट्टी आजोबा. दोघांचे एकत्र सिनेमे पाहा. १९५७ च्या 'मायाबजार'मध्ये एनटीआर कृष्ण, एएनआर अभिमन्यू. १९५८ च्या 'भूकैलास'मध्ये ते रावण, हे नारद. १९६३ च्या 'श्रीकृष्णार्जुन युद्धम्' मध्ये ते कृष्ण, हे अर्जुन. भक्ताला, प्रियकराला, आजोबाला म्हातारं होता येतं. म्हणून या माणसाला वयाच्या प्रत्येक टप्प्यावर काम होतं.

आणि १९५३ चा 'देवदासु'. वेदांतम राघवय्यांनी दिग्दर्शित केलेला हा सिनेमा दिलीपकुमारच्या 'देवदास'च्या दोन वर्षं आधीचा. त्यातलं 'जगमे माया' एकदा बघाच. अंगावर शाल, हातात बाटली, सोबतीला एक कुत्रा, आणि डोळ्यांच्या पापण्या अशा जड झालेल्या की आता मिटतील असं वाटावं. असं सांगतात की ते जागरण डोळ्यांत दिसावं म्हणून त्यांचे प्रसंग रात्रीचे चित्रित केले जायचे. पण माझं लक्ष दर वेळी हाताकडे जातं. दारू पिणारा माणूस दाखवताना नट हात फार हलवतात. इथं हात जवळपास स्थिर आहेत, मानच काय ती थोडी कलते. तीस वर्षांचा नट एवढा संयम कुठून आणतो?

त्याहून मोठी गोष्ट पुढची. 'देवदासु'नंतर सगळे निर्माते त्यांच्याकडे रडणारा नायक घेऊन येणार हे उघड होतं. त्यांनी काय केलं, तर 'मिस्सम्मा'साठी (१९५५) निर्माते चक्रपाणींकडे जाऊन दुय्यम, विनोदी गुप्तहेराची भूमिका स्वतःहून मागून घेतली. नायक एनटीआर, नायिका सावित्री, आणि 'देवदासु'चा नायक भिंग घेऊन पावलांचे ठसे शोधतोय. यशाच्या शिखरावर असा निर्णय घ्यायला फार मोठी समज लागते.

---

अभंगवेडी

सुरेख विषय. 'भक्त' म्हणालात म्हणून लगेच लिहायला बसले.

एएनआरनी तुकोबा केले आहेत, हे आपल्याकडे फारच थोड्यांना माहीत असतं. 'भक्त तुकाराम', १९७३. दिग्दर्शक व्ही. मधुसूदनराव. निर्मिती अंजलीदेवींची, संगीत त्यांचे पती पी. आदिनारायणराव यांचं, आणि आवलीच्या भूमिकेत स्वतः अंजलीदेवी. छत्रपती शिवाजी महाराजांच्या भूमिकेत शिवाजी गणेशन. ज्या भूमिकेवरून गणेशन यांना तरुणपणी 'शिवाजी' हे नाव मिळालं, तीच भूमिका ते पुन्हा करत होते. ते दोघं समोरासमोर येतात तो प्रसंग मी श्वास रोखून पाहिला.

विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम आपल्या रक्तात आहे, त्यामुळे सुरुवातीला मन तयार होत नव्हतं. रंगीत देहू, भरजरी नाचगाणी, आपल्या १९३६ च्या 'संत तुकाराम'मधला तो साधेपणा कुठेच नाही. पागनीस तुकाराम वाटत नाहीत, ते तुकारामच असतात. एएनआर मात्र नट आहेत, हे दिसतं. तरीही 'घन घन सुंदरा' सुरू झालं आणि मी विरघळले. कवी देवुलपल्ली कृष्णशास्त्रींचे शब्द, गायक घंटसाला वेंकटेश्वरराव यांचा आवाज. शब्द सगळे कळले नाहीत, पण विठ्ठलाकडे बघण्याची ती नजर कळली.

आणि तुकोबाच नव्हे, गोरोबाकाकाही! १९७७ चा 'चक्रधारी' गोऱ्या कुंभाराचा. आधी कन्नडमध्ये राजकुमार यांनी ही कथा केली होती. शिवाय 'विप्रनारायण', 'भक्त जयदेव', 'महाकवी काळिदासु', 'क्षेत्रय्या'. पंढरीच्या दोन संतांना तेलुगू घराघरांत नेणारा हा माणूस स्वतः देवपूजा करणारा नव्हता आणि ते त्यांनी कधी लपवलंही नाही. मला हे वाचून खूप काही वाटलं होतं. भक्ती त्यांनी माणसात पाहिली असणार.

---

यंत्रमाग

सोलापूर, पूर्व भाग. एवढं सांगितलं की सोलापूरकरांना पुढचं कळेल. बाकीच्यांसाठी: आमची पद्मशाली वस्ती, विणकरांची. घरात तेलुगू, बाहेर मराठी, कारखान्यात दोन्हीची खिचडी. आमच्या पिढ्या तेलंगणातून इथं मागावर काम करायला आल्या आणि इथल्याच झाल्या.

आमच्या तातय्यांचे, म्हणजे आजोबांचे, दोनच देव, मार्कंडेय आणि नागेश्वरराव. शहरात तेलुगू सिनेमे लागायचे आणि पाळी सुटली की मंडळी तशीच, अंगाला सूत चिकटलेलं असताना, थिएटरात. नानम्मा, म्हणजे आजी, सांगायची, एनटीआरचा सिनेमा बघून आले की तातय्या रुबाबात चालायचे आणि नागेश्वररावांचा बघून आले की घरात नीट बोलायचे. आम्हा पोरांना तेलुगू लिहिता-वाचता येत नाही, शाळा मराठीतून झाली. पण 'प्रेमनगर', 'दसरा बुल्लोडु'ची गाणी तोंडपाठ, कारण मागाच्या खडखडाटावर मात करत तातय्या ती मोठ्यानं म्हणायचे.

त्यातला 'दसरा बुल्लोडु' १९७१ चा. नायक सत्तेचाळिशीचा आणि पायात भिंगरी. तेलुगू नायकानं नाचायचं असतं हा पायंडा एएनआरनीच पाडला असं जाणकार सांगतात. चिरंजीवीपासून अल्लू अर्जुनपर्यंत सगळ्यांचं मूळ तिथं. धाग्यात हे यायला हवं होतं.

---

तिसरी घंटा

गोदाकाठ, लेख आवडला. पण मथळ्यातली वाटणी मला पटत नाही.

एनटीआरनी माणसं कमी केली का? 'कन्याशुल्कम्' मधला गिरीशम हा तेलुगू साहित्यातला सर्वांत वाह्यात, बोलघेवडा माणूस, तो एनटीआरनी केला. 'रक्तसंबंधम्' मध्ये त्यांनी सावित्रीचा भाऊ केला, तिथं कुठला देव? आणि एएनआरनी देव केलेच नाहीत असंही नाही. सुरुवात रामापासून झाली हे तुम्हीच लिहिलंत. १९५८ च्या 'चेंचु लक्ष्मी'त ते विष्णू आहेत. १९६२ च्या 'गुंडम्मा कथा'त तर दोघं सख्खे भाऊ, दोघंही साधी घरगुती माणसं. एनटीआरचा तो शंभरावा सिनेमा, एएनआरचा नव्व्याण्णवावा, आणि त्या दोघांच्या मधून अभिनेत्री सूर्यकांतम सिनेमा घेऊन जाते ती वेगळीच मजा.

माझ्या मते टिकण्याचं कारण भूमिकांपेक्षा शिस्तीत आहे. १९७४ मध्ये अमेरिकेत हृदयाची शस्त्रक्रिया झाली. त्या काळात ही केवढी मोठी गोष्ट होती! लोकांनी त्यांची कारकीर्द संपली असं धरलं. त्यानंतर हा माणूस चाळीस वर्षं जगला आणि काम करत राहिला. राजकारणात गेले नाहीत. दुसरे अनेक नट त्या वाटेनं गेले आणि त्यांचा पडद्यावरचा काळ आटला.

---

गोदाकाठ

@तिसरी घंटा, 'चेंचु लक्ष्मी'चं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. विष्णू वैकुंठ सोडून येतो कशासाठी, तर रानातल्या एका मुलीच्या प्रेमासाठी. म्हणजे देवाचं सोंग घेऊन पुन्हा प्रियकरच. एनटीआरच्या वेंकटेश्वरासमोर लोक हात जोडायचे. एएनआरच्या विष्णूसमोर कुणी हात जोडल्याचं मी ऐकलं नाही.

गिरीशमचं मात्र मान्य करायलाच हवं, ती भूमिका अफाट आहे. मी एनटीआर यांना कमी लेखत नाही. मी एवढंच म्हणतो की लोकांनी एका नटाला देव्हाऱ्यात बसवलं आणि दुसऱ्याला घरातल्या माणसांत. १९७७ मध्ये एनटीआरनी स्वतः दिग्दर्शित केलेल्या 'चाणक्य चंद्रगुप्त'मध्ये ते चाणक्य आणि एएनआर चंद्रगुप्त. दोघंही पन्नाशी ओलांडलेले. तिथं बघा, एक जण शेंडी सोडून गरजतोय आणि दुसरा ऐकून घेतोय. नुसतं ऐकून घेण्याचा अभिनय एएनआरइतका चांगला करणारे नट मी थोडे पाहिले.

शिस्तीचा मुद्दा शंभर टक्के बरोबर.

---

वाळवंटी

'धर्मपत्नी'चा उल्लेख आला म्हणून एक भर. त्या सिनेमाची कथा वि. स. खांडेकरांची. म्हणजे एएनआर यांचं पडद्यावरचं पहिलं पाऊल एका मराठी लेखकाच्या गोष्टीत पडलं. मला हे कळलं तेव्हा फार आनंद झाला होता.

---

रंगपेटी

सगळं वाचलं. एएनआर मलाही प्रिय आहेत, म्हणूनच हे लिहिते.

सत्तर वर्षं टिकण्याचं कौतुक करताना त्यांच्यासोबतच्या बायका किती टिकल्या हेही मांडायला हवं. 'देवदासु'ची पार्वती सावित्री. 'मिस्सम्मा', 'मायाबजार', 'गुंडम्मा कथा', सगळीकडे ती आहे. १९६६ च्या 'नवरात्री'त एएनआरनी नऊ भूमिका केल्या, त्यातही समोर तीच. अभिनयात ती त्यांच्यापेक्षा तसूभरही कमी नव्हती. अनेक प्रसंगांत ती त्यांना मागे टाकते. १९८१ च्या डिसेंबरात ती गेली, त्याआधी बरेच महिने कोमात होती.

त्याच १९८१ साली एएनआर 'प्रेमाभिषेकम्' मध्ये प्रियकर आहेत आणि नायिका आहे श्रीदेवी. नायक सत्तावन्न वर्षांचा, नायिका सतरा-अठराची. हीच श्रीदेवी 'भक्त तुकाराम'मध्ये बालकलाकार होती! सिनेमा तुफान चालला, पुढे तमिळ आणि हिंदीतही झाला. गाणी आजही ऐकते मी. पण 'प्रियकराला म्हातारं होता येतं' हे वाक्य वाचून थांबले. नायकाला येतं. नायिकेला त्या काळी ती मुभा नव्हती, तिला आई होऊन कोपऱ्यात जावं लागायचं. हा दोष एका माणसाचा नाही, सगळ्या धंद्याचा आहे. पण धाग्यात याची नोंद हवी.

म्हणूनच मला त्यांचा सर्वांत आवडता सिनेमा 'सीतारामय्यागारि मनवरालु' (१९९१). क्रांतिकुमार दिग्दर्शक. इथं ते अखेर आपल्या वयाचे झाले आहेत. आणि त्यांची पत्नी कोण, तर आपल्या रोहिणी हट्टंगडी! मुलाशी अबोला धरून बसलेला कडक सीतारामय्या, अमेरिकेहून आलेली नात मीना, जी घरावर कोसळलेलं दुःख मनात दाबून आजोबांना मुलाजवळ आणू पाहतेय. रोहिणीताई आणि एएनआर यांच्यातलं ते जुन्या जोडप्याचं बोलणं, निम्मं शब्दांत आणि निम्मं नुसत्या हुंकारात. तेलुगू मातृभाषा नसलेली बाई समोर आहे हे जाणवतही नाही. या एका सिनेमासाठी मी त्यांना बाकी सगळं माफ करते.

---

यंत्रमाग

रंगपेटी, आमची नानम्मा हेच म्हणायची, तुमच्याइतकं नीट नाही पण हेच. सावित्री गेली तेव्हा आमच्या गल्लीतल्या बायका आपलंच कुणी गेल्यासारख्या रडल्या होत्या असं आईनं सांगितलंय.

---

काचीगुडेकर

हैदराबादच्या जुन्या मराठी वस्तीतला मी, त्यामुळे एका गोष्टीचं मोल मला जास्त वाटतं. तेलुगू सिनेमा मद्रासहून हैदराबादला आला, त्यात या माणसाचा वाटा फार मोठा आहे.

पन्नाशीच्या दशकात तेलुगू सिनेमा म्हणजे मद्रास. वाहिनी, विजया, सगळे मोठे स्टुडिओ तिकडे, तंत्रज्ञ तिकडे, नटांची घरं तिकडे. आंध्र प्रदेश राज्य १९५६ ला झालं, राजधानी हैदराबाद झाली, पण सिनेमा मात्र परमुलखात. इथं सारथी स्टुडिओ होता, तेवढाच. एएनआर साठीच्या दशकात मद्रास सोडून हैदराबादेत राहायला आले. इतक्या मोठ्या नायकानं बस्तान हलवल्यावर निर्मात्यांनाही इकडे यावं लागलं. १९७६ मध्ये त्यांनी बंजारा हिल्सच्या खडकाळ माळावर अन्नपूर्णा स्टुडिओ उभा केला, पत्नीच्या नावानं. आजच्या बंजारा हिल्सकडे बघून कल्पना येणार नाही, पण तेव्हा तिथं दगड आणि झुडपं होती. हृदयाची शस्त्रक्रिया होऊन जेमतेम दोन वर्षं झालेली. त्या वयात, त्या तब्येतीत कुणी आहे तो पैसा जपून ठेवला असता.

पुढे रामानायडू स्टुडिओ आला, नट कृष्णा यांचा पद्मालय स्टुडिओ आला, नव्वदच्या दशकात रामोजी फिल्म सिटी आली. आज सगळा देश इथं चित्रीकरणाला येतो.

शाळा अर्धवट सुटलेल्या या माणसाच्या नावानं गुडिवाड्यात कॉलेज आहे, हेही सांगून ठेवतो. पद्मश्री १९६८, पद्मभूषण १९८८, १९९० चा दादासाहेब फाळके पुरस्कार, २०११ ला पद्मविभूषण. त्यांच्या नावचा पुरस्कार लतादीदींनाही मिळाला होता.

---

स्वरलिपी

गाण्यांवर कुणी नीट लिहिलं नाही, म्हणून थोडं.

घंटसाला हा एएनआर यांचा आवाज होता. एनटीआर यांचाही तोच. पण दोघांसाठी गाताना घंटसाला वेगळे गातात. एनटीआरसाठी छातीतून, भरदार. एएनआरसाठी सूर जरा आत ओढलेला, ओळीच्या शेवटी श्वास सोडून दिल्यासारखा. 'मायाबजार'मधलं 'लाहिरी लाहिरी' ऐका: होडी, चांदणं, अभिमन्यू आणि शशिरेखा. मार्कस बार्टलींच्या कॅमेऱ्यानं ते चांदणं निर्माण केलं, पण मला ते गळ्यातून आल्यासारखं वाटतं. (कथा आपल्याला नवी नाही, आपल्याकडचं वत्सलाहरण. बाबूराव पेंटरांनी मूकपटाच्या जमान्यातच 'सुरेखाहरण' केलं होतं.)

फेब्रुवारी १९७४ मध्ये घंटसाला गेले आणि एएनआर यांचा आवाजच हरपला. त्याच वर्षी हृदयाचं दुखणं. एस. पी. बालसुब्रह्मण्यम यांनी नंतर एएनआर यांची बोलण्याची ढब उचलून त्यांच्यासाठी गायला सुरुवात केली. 'प्रेमाभिषेकम्' ची गाणी ऐकताना डोळे मिटले तर एएनआरच गातायत असं वाटतं. आणि 'मेघसंदेशम्' मध्ये येसुदास. रमेश नायडूंचं संगीत, दासरी नारायणरावांचं दिग्दर्शन. संगीतकार, येसुदास, पी. सुशीला, तिघांनाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. संसार असलेला एक कवी दुसऱ्या स्त्रीत आपली कविता शोधतो आणि तिघांचंही आयुष्य उसवतं. साठीच्या उंबरठ्यावरच्या नटानं हा कवी असा केलाय की त्याचा रागही येत नाही आणि त्याला क्षमाही करवत नाही.

---

नवा भिडू

एवढं वाचून बघायची इच्छा झाली. तेलुगू अजिबात येत नाही. कुठून सुरू करू? आणि 'मनम' त्यांचाच ना?

---

गोदाकाठ

हो, 'मनम' त्यांचा शेवटचा, मे २०१४ चा. ते जानेवारीतच गेले होते. ऑक्टोबर २०१३ मध्ये पत्रकारांना बोलावून त्यांनी स्वतः सांगितलं की मला कर्करोग झालाय. आजार वाढला तेव्हा घरीच ध्वनिमुद्रणाची सोय करून घेऊन आपले संवाद पूर्ण केले, आपल्या तोंडी दुसऱ्याचा आवाज नको म्हणून.

पुनर्जन्माची गोष्ट आहे. त्यात वृद्ध एएनआर यांच्या पात्राचं नाव चैतन्य, नागार्जुनच्या पात्राचं नागेश्वरराव आणि नागचैतन्यच्या पात्राचं नागार्जुन. आजोबा, मुलगा, नातू यांनी एकमेकांची नावं घेतली आहेत. आणि त्या म्हाताऱ्याला आपले लहानपणी गेलेले आईवडील पुन्हा दिसतात, त्यातला बाप म्हणजे नागार्जुन. नव्वदीचा बाप स्वतःच्या मुलाकडे मूल होऊन बघतो.

पण सुरुवात तिथून करू नका, आधीची माणसं भेटल्याशिवाय ती गंमत कळत नाही. आधी 'मायाबजार', मग 'मिस्सम्मा', मग 'देवदासु'. भाषेची अडचण 'मायाबजार'मध्ये येणार नाही, कथा माहीतच आहे.

---

रंगपेटी

मी क्रम बदलेन. आधी 'सीतारामय्यागारि मनवरालु'. रोहिणीताईंचा चेहरा ओळखीचा असला की नवख्याला घरात शिरायला सोपं जातं. 'देवदासु' सर्वांत शेवटी ठेवा, आणि दिलीपकुमारचा पाहिला असेल तर दोन्हींच्या मध्ये बरेच दिवस जाऊ द्या.

---

अभंगवेडी

आणि 'भक्त तुकाराम' आषाढीला बघा. मी दर वर्षी बघते.